उमोतच्या टोपीचा अर्थ

नारीन, गुरुवार

तीर्थरूप ताईस,

धाकट्या तेमिरकुलचा सलाम. तू, दाजी, मेंढ्या, सगळे खुशाल ना? (मेंढ्या शेवटी लिहिल्या, पण काळजी त्यांचीच जास्त.) इकडे तुझ्या भाचीचं, नाझिकचं, लग्न मोडता मोडता राहिलं. मोडणारा मीच आणि सांधणाराही मीच.

हवामान केंद्रावर एकटा राहणारा मेलिस तुला आठवत असेल. वारा मोजून झाला की तो छोट्या छोट्या फिल्म करतो. त्यांत बर्फ खालून वर पडतं, मेंढी बसची तिकिटं फाडते. कला स्वतंत्र असली पाहिजे हे मी जन्मभर व्यासपीठावरून गरजत आलोय, म्हणून होणारे व्याही उमोत जेवायला आले तेव्हा मीच भिंतीवर चादर ताणून त्याची नवी फिल्म लावली. तर तिच्यात उमोतचीच टोपी! (मेलिसने ती मागून नेली होती. कशासाठी, हे उमोतनी विचारलं नाही आणि त्याने सांगितलं नाही.) टोपी नदीतून वाहत गेली, बसमध्ये खिडकीशी बसली आणि शेवटी कुणाच्या तरी घरी निवांत चहा प्यायली. खाली डोकं नाही.

उमोत पांढरेफटक. "व्याही, हे तर स्वप्न! दाखवलंत, आता अर्थ सांगा. आणि जपून सांगा." स्वप्नाचा पहिल्यांदा जो अर्थ तोंडातून निघेल तोच खरा होतो, हे आपल्याकडे शेंबडं पोरही जाणतं. पण मला अंधश्रद्धेची चीड! मी ताडकन उठलो आणि कडाडलो, "याला काहीही अर्थ नाही!"

"म्हणजे माझ्या डोक्याला काही अर्थ नाही?" म्हणत उमोत घोडा सोडायला निघाले. नाझिक एवढंच म्हणाली, "बाबा, सगळ्या जगासाठी बोललात. आता माझ्यासाठी बोला."

मी जाहीर केलं की माझं वाक्य अजून संपलेलं नाही. (माझी वाक्यं सर्वांना ठाऊक आहेत, त्यामुळे कुणालाच शंका आली नाही.) "याला काहीही अर्थ नाही, असं अडाणी लोक म्हणतात! अरे, उमोत इतके जगतील, इतके जगतील, की वाट पाहून कंटाळलेली टोपी एकटीच चहाला जाईल!" उमोत रडले, गळ्यात पडले, सोयरीक पक्की झाली.

फिल्म दाखवायला आलेला मेलिस मात्र संतापला. "काका, वाट लावलीत फिल्मची. आता तिला अर्थ आहे!"

तुझा,
तेमिरकुल

ता. क. काल मला स्वप्न पडलं. सभेत माझी रिकामी खुर्ची भाषण करत होती आणि लोक माझ्यापेक्षा जास्त टाळ्या वाजवत होते. माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही. तरी थोरली म्हणून काहीतरी चांगलं लिहून लगेच पाठव.

ता. क. दुसरा: पत्र दाजींना वाचून दाखवू नकोस. ते आधी काहीतरी बोलून बसतील.