रस्त्यापासून अंतर : पुरेसे

११ जानेवारी २०२५, सकाळी ७
शेजारच्या नवसूने वरचा मजला चढवायला घेतला. शेजारी म्हणून आनंद आहे. पण नवी खोली नेमकी माझ्या गॅलरीसमोर येते. डोंगर गेला, वारा गेला. यापुढे चहा भिंतीकडे बघत प्यायचा. निश्चय : बांधकाम थांबवायचं, पण कायद्याने. आवाज चढवायचा नाही. बावीस वर्षं ग्रामपंचायतीत क्लार्क होतो. बांधकामाचे नियम या गावात माझ्याइतके कोणाला माहीत?

१२ जानेवारी
नवसूला पंचायतीची परवानगी विचारली. त्याने प्लॅस्टिकच्या पिशवीतून कागद काढला. म्हणाला, "ही काय, शेखरभाऊ. तुमीच दिली नाय का?" खरंच माझं अक्षर. २०१९. तेव्हा लावणीत सरपंच दिवसभर चिखलात असायचे, म्हणून त्यांच्या सह्या घेतलेले कोरे फॉर्म मी पिशवीतच ठेवायचो. लोकांची सोय. नवसूने त्या दिवशी गावठी कोंबडा आणला होता. मी मागितला नव्हता.

१५ जानेवारी
उपाय सापडला! आमचे प्लॉट गावठाणाबाहेर. तिथे परवानगी द्यायचा अधिकार पंचायतीला नाहीच, तहसीलला आहे. म्हणजे नवसूचा कागद बाद. तक्रार हाताने लिहिली. अकरा पानं. 'असा कागद म्हणजे निव्वळ रद्दी' हे वाक्य दोनदा घेतलं.
रंजिता म्हणाली, "अहो, आपला बंगला पण गावठाणाबाहेरच ना? त्याला पण तुमचीच परवानगी." संसार केला, पण हिला कायद्यातला बारकावा कळला नाही. आपली परवानगी वेगळी. ती मी स्वतः तपासून दिली होती.

४ फेब्रुवारी
तहसीलमध्ये सुनावणी. वकील केला नाही. गरजच काय? पाऊण तास बोललो. नवसू आणि त्याची बायको मंगळी कोपऱ्यात गप्प उभे. दया आली, पण कायदा म्हणजे कायदा. साहेबांनी एकच विचारलं, "असे कागद आणखी किती दिले गेलेत?" मी ताडकन म्हटलं, साहेब, अख्खं रजिस्टरच मागवा. हजरजबाबीपणा माझ्यात पहिल्यापासून आहे.

२५ फेब्रुवारी
जिंकलो! रजिस्टरमधल्या गावठाणाबाहेरच्या सगळ्या परवानग्या बेकायदा. पेढे आणले. नवसूकडेही दिले. माणसाने मोठ्या मनाने जिंकावं.

तोच दिवस, संध्याकाळी
मंगळीने पेढा खाल्ला, हात पुसले आणि आतून दुसरा कागद आणला. तहसीलची परवानगी. २०२१ ची, वरच्या मजल्यासकट. म्हणाली, "तुमच्या कागदावर माजा भरवसा नव्हता, भाऊ. मुरबाडला आठ खेपा मारल्या मी. सुनावणी झाल्यावर साहेबाला दाखवलाय." निकालाच्या दुसऱ्या पानावर तसं लिहिलंही आहे. दुसरं पान वाचायचं राहिलं होतं. नवसूला विचारलं, हे आधी का नाही बोललास? तर म्हणतो, "तुमी तुमचाच कागद फाडत होतात. मधी कशाला बोलू?"
उरलेले पेढे परत आणले.

१२ मार्च
दारावर नोटीस. रजिस्टर तपासलं म्हणे. अर्जदार मी, पाहणी करणारा मी, शिफारस माझी. 'रस्त्यापासून अंतर' या रकान्यात मी लिहिलंय : पुरेसे. तहसीलच्या माणसांनी टेप लावला. इतकं कमी भरलं की दंड भरूनसुद्धा नियमात बसत नाही. तीस दिवसांत बांधकाम काढून घ्या. निवृत्तीनंतर जे हातात आलं ते सगळं या भिंतींत आहे. दुसरं घर नाही.
घाबरायचं कारण नाही. अजून अपील आहे.

१७ मार्च
कल्याणला प्रांतसाहेबांकडे अपील. निकाल लागेपर्यंत पाडकाम थांबलं. या वेळी वकील केली : समीक्षा, मुरबाडची, लहान आहे पण हुशार. मुद्दा मीच सांगितला : गावठाणाबाहेरही परवानगी द्यायचा पंचायतीला पूर्ण अधिकार आहे. तिने विचारलं, "काका, याच्या उलट कुठे काही लिहून दिलंय का?" म्हटलं, आठवत नाही. वकिलाला सगळं सांगायचं नसतं. त्यांचा आत्मविश्वास जातो.

२८ एप्रिल
उद्या सुनावणी. शर्टाला इस्त्री केली. रंजिताला म्हटलं, पावसाळ्याआधी गॅलरीला रंग देऊ. ती भांडी खोक्यात भरते आहे. सवय. आवराआवर केल्याशिवाय तिला चैन पडत नाही.

२९ एप्रिल
कल्याण. समीक्षा चांगली बोलली. मग सरकारी बाजूचे गृहस्थ उठले. स्वतःचं काहीच बोलले नाहीत. माझी अकरा पानांची तक्रार मोठ्याने वाचून दाखवली. 'निव्वळ रद्दी'ला मागे कोणीतरी हसलं, दोन्ही वेळा. साहेबांनी विचारलं, "यावर काही म्हणणं?" समीक्षाने माझ्याकडे पाहिलं. मी बराच विचार केला. तक्रार फार मुद्देसूद आहे. तिला उत्तर नाही.
अपील फेटाळलं.
घरी आलो तर रंजिता नव्हती. नवसूच्या वरच्या खोलीत आमचं कपाट बसतं का, ते मोजायला गेली होती.
बसतं.