भुऱ्याला किती वेळ शिकवायचं

वरची वाडी, पोलादपूर
१२ मे २०२५, सकाळी १० वाजून २० मिनिटं

सौ. संजीवनीताईस,
सुशांतचा सा. न. वि. वि.

आत्ता बाबांना भाकरी भरवली आणि पायरीवर बसून हे लिहितोय. वाडीत रेंज नाही, म्हणून पत्र दुधाच्या जीपबरोबर धाडतो.

परवा बाबा पुन्हा गोठ्यामागचा बांध ओलांडून कड्याकडे निघाले होते. धरून आणलं, तर मलाच विचारलं, तू कोणाचा रे. दोन जूनपासून मी महाडला कंपनीत कामाला लागणार. मग आई एकटी काय काय बघणार? म्हणून बाबा बांधाशी गेले की भुऱ्यानं आडवं उभं राहून भुंकायचं, एवढं त्याला शिकवतोय. तू तुमच्या गुरांच्या दवाखान्यातून दिलेला क्लिकर, ती दाबली की टक् वाजणारी डबी, चांगला वाजतो. रोज सलग दीड तास घेतो. आधी नीट करायचा, आता जांभया देतो, तोंड फिरवतो. आई म्हणते, हासुद्धा तुझ्यासारखा नववीत शाळा सोडणार.

किती वेळ शिकवावं, डॉक्टरांना विचारून कळव.

तुझा भाऊ,
सुशांत


महाड, १४ मे

चि. सुशांतास अनेक आशीर्वाद.

दीड तास ऐकून डॉक्टरांनी कपाळाला हात लावला. एका वेळी तीन ते पाच मिनिटं, दिवसातून दोन-तीनदा, बस. त्याला जमतंय तेवढ्यातच थांबायचं. जांभया म्हणजे तो थकलाय. दोन दिवस क्लिकर बंद ठेव. आणि आवाज झाला की लगेच तुकडा देतोस ना? ते लिहिलं नाहीस. बाबांवर नजर ठेव. स्वतः वेळेवर जेव.

तुझी,
ताई


वरची वाडी, २९ मे

ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र बाबा गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी मिळालं. तेराव्यापर्यंत तू इथे होतीस, पण तोंडानं सांगवलं नाही.

मी तुकडा लगेच देत नव्हतो. गुरं गोठ्यात आल्याशिवाय कुत्र्याला भाकरी नाही, ही आपल्या घरची रीत. म्हणून जितक्या वेळा क्लिकर वाजवला, तितक्या रेघा वहीत ओढायचो आणि संध्याकाळी मोजून तेवढे तुकडे घालायचो. एकही कमी दिला नाही. त्याला काय कळणार होतं?

त्या सकाळी मी धार काढत होतो, तेव्हा बाबा बांधावर चढताना दिसले. भुऱ्या उठला. माझ्या हाताकडे बघितलं आणि पुन्हा बसला. मी ओरडायला हवं होतं, धावायला हवं होतं. मी आधी खिशातून क्लिकर काढला. दोनदा वाजवला. वर बघितलं तेव्हा बांधावर कोणी नव्हतं.

आई सगळ्यांना सांगते, "आठ वर्सं भाकर घातली, आन् मेला जागचा हालला नाय." काल महिपतकाका त्याला टेम्पोत घालून कशेडी घाटात सोडून आले. मी दोरी सोडून त्यांच्या हातात दिली.

आज दिवसभर घाटात फिरलो, बोगद्यापर्यंत हाका मारल्या. सापडला नाही. उद्या पुन्हा जातो.

रविवारी ये. आईला हे सगळं मीच सांगणार आहे. तू फक्त शेजारी बस. हे वाचूनही माया राहिली तर राहू दे.

सुशांत