प्रश्नाला चटई

बाई, परवा राजापेठेत तुमचं वाक्य पाहिलं. एका शिकवणी वर्गाच्या जिन्यावर, भल्या मोठ्या फ्लेक्सवर, एका परदेशी विचारवंताच्या फोटोशेजारी. ‘प्रश्न दाराशी आला तर त्याला हाकलू नका, बसायला आसन द्या.’ खाली त्याचं नाव. मी स्कूटी कडेला घेतली, मागचे हॉर्न वाजत होते, आणि ते वाक्य तीनदा वाचलं. मग वर जाऊन वर्ग चालवणाऱ्या तरुण सरांना विचारलं, हे कुठून घेतलं? ते खुर्चीतून उठूनच उभे राहिले. “म्याडम, तुमच्याच भाषणातून! जयंतीच्या मंडपात तुमी म्हटलं होतं ना, मी तवाच मोबाइलवर लिहून घेतलं. काहून, नाव चुकलं का?” मी म्हणाले, “नाही, बरोबर आहे.” आणि जिना उतरले. तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली, तरी पाठीमागून तुम्ही बघताय असं वाटलं.

कारण असलं खोटं मी पहिल्यांदा तुमच्यासमोरच बोलले होते. सातवीत. आपल्या भातकुलीकडच्या शाळेत रोज एकानं फळ्यावर सुविचार लिहायचा आणि खाली थोर माणसाचं नाव. कपाटात सुविचारांची पुस्तिका होती, सगळे तिच्यातूनच उतरवायचे. माझी पाळी आली त्या दिवशी पुस्तिका सापडेना. मी घाबरून मनानंच एक वाक्य रचलं, आणि विज्ञानाच्या कपाटावर ज्याचा फोटो होता त्या शास्त्रज्ञाचं नाव खाली ठोकून दिलं. परिपाठाला मोठे गुरुजी खूश झाले. म्हणाले, पहा, थोर माणसं कसा विचार करतात! पोरांनी माना डोलावल्या. तुम्ही डोलावली नाहीत. वर्गात आल्यावर विचारलंत, “हे कोन्या पुस्तकातलं हाय व?” मी म्हणाले, पुस्तिकेतलं. तुम्ही टेबलाच्या खणातून पुस्तिका काढलीत. ती आदल्या संध्याकाळपासून तुमच्याकडेच होती.

मला वाटलं आता छडी. तुम्ही खडू पुढे केलात. “वाक्य राहू दे. चांगलं हाय. नाव पुस.” मी पुसलं. “आता तुहं लिही.” मागून एक मैत्रीण बोललीच, “या, थोर विचारवंत बाई, या!” सगळा वर्ग हसला. मी खडू धरून उभी, फळ्यावर नावाच्या जागी ओला डाग. तुम्ही हसणाऱ्यांकडे वळलात आणि म्हणालात, “त्या फोटोतल्या मानसानं पयलं वाक्य लिवलं, तवा त्याच्याबी खाली लहानच नाव होतं. त्यानं तेच लिवलं. दुसऱ्याचं नाही लिवलं.” तरी मी लिहिलं नाही. शाळा सुटेपर्यंत ते वाक्य बेवारशासारखं फळ्यावर राहिलं.

त्याच संध्याकाळी तुम्ही मला घरी घेऊन गेलात. मी अजूनही त्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी आहे. तुम्ही ज्वारीची भाकर थापताय, तव्यावरून काढून विस्तवावर टाकताय, ती टम्म फुगतेय. मी रडवेली, काहीतरी बोलायचं म्हणून विचारते, “बाई, भाकर फुगते काहून?” तुम्ही थांबता. पिठाचा हात तसाच वर. “एवढे वर्षं करून राहिली, पन मले नाही मालूम.” शिक्षिकेनं ‘मला माहीत नाही’ म्हटलेलं मी पहिल्यांदा ऐकलं. मग तुम्ही भिंतीला टेकवलेली गुंडाळी पायानंच उलगडलीत. “प्रश्न घरी आला तं त्याले हाकलू नोको. बसाले चटई दे. बस. तू बी बस, तुहा प्रश्न बी बसू दे.” पुढच्या भाकरीला तुम्ही सुरीनं टोचलंत. ती फुगलीच नाही, फुस्सकन वाफ निघाली आणि चपटी पडून राहिली. तुम्ही टाळी वाजवलीत. “म्हंजे आत कोनीतरी कोंडलेलं होतं!” ती चपटी भाकर आपण दोघींनी अर्धी अर्धी खाल्ली. निघताना एक कोरी वही दिलीत. “ह्याच्यात कोनाचं उतरवजो नोको.”

बाई, मी ती वही जवळजवळ भरून टाकली, दुसऱ्यांच्या वाक्यांनी. जगभरच्या थोरांनी कुतूहलावर, कल्पनेवर, नवं घडवण्यावर जे जे म्हटलं ते वाचून वाचून उतरवलं. त्यावर वक्ता झाले. गोफणीत दगड घालावा तशी ती वाक्यं घालून फेकली, टाळ्या घेतल्या. आणि एका सभेत लोक पेंगायला लागले तेव्हा तुमचं वाक्य आठवलं. पण भातकुलीच्या एका बाईंनी म्हटलंय असं सांगून कोण जागं होणार? मी चटईचं आसन केलं, ‘बसाले’चं ‘बसायला’ केलं, आणि खाली परदेशी नाव लावलं. टाळ्यांनी मंडप हलला. मग मी ते दरवेळी तसंच म्हणत गेले. आता ते जिन्यावर टांगलंय.

आज मला याची शरम आहे, तेवढाच रागही आहे. ज्या माणसांनी आयुष्यभर कुणाचं ऐकून मुकाट मान डोलावली नाही, त्यांच्या नावावर आपण माना डोलवायला शिकलो! त्यांनी आपल्याला विचार करायला सांगितलं, आणि आपण विचार करावा लागू नये म्हणून त्यांची नावं वापरतो. वाक्याखाली मोठं नाव दिसलं की प्रश्न संपला. तुम्ही हे जाणलं होतं. थोरांपैकी एकाचंही पुस्तक तुमच्या घरात मी पाहिलं नाही, पण त्यांना तुमच्याइतकं मनावर घेतलेलं माणूसही दुसरं पाहिलं नाही.

उद्या अकोल्यात विद्यार्थ्यांसमोर माझं भाषण आहे. विषय, थोर विचारवंत आणि कुतूहल. मी आयोजकांना फोन करून सांगितलं की सुरुवात माझ्या शाळेतल्या बाईंपासून करीन, आणि ते वाक्य आजवर मी खोट्या नावानं सांगत आले हेही सांगीन. ते घाबरले. “अहो ताई, असं नका करू! उद्या तुमचं बाकीचं बी लोक खोटंच समजतीन. अन् बाईचं नाव घेतलं तं पोरं विचारतीन, ह्या कोन?”

“विचारू द्या,” मी म्हणाले. “तेवढ्यासाठीच येतेय.”

लोक पुढे बोलावणार नाहीत, असंही होईल. होऊ दे. अकोल्याहून परतताना राजापेठेत थांबून तो फ्लेक्सही मी स्वतः बदलून घेणार आहे, तुमच्या नावासकट आणि चटईसकट.

हे पत्र तुमच्याच वहीच्या शेवटच्या दोन कोऱ्या पानांवर लिहितेय. ते इथंच राहील, फाडून पाठवावं असा पत्ता नाही. फक्त एक कबूल करते. मघाशी आरशासमोर उद्याचं बोलून पाहिलं. तुमचं नाव खणखणीत निघालं. ‘चटई’ म्हणताना मात्र दोनदा जिभेवर ‘आसन’च आलं. तिसऱ्यांदा तुमच्यासारखं ‘बसाले’ म्हटलं, तेव्हा कुठं ती चटई उलगडली.