मापारीण

४ ऑगस्ट १९५७, परळ
शाळेत जीवशास्त्र शिकवायची नोकरी लागली आणि राहायला खोलीही मिळाली. मालक रामदास सावंत गिरणीत जॉबर, म्हणजे कामगारांवरचे मुकादम, आहेत; एकटेच असतात. दाराशी जांभळीचं झाड, त्यावर उंटअळ्याच उंटअळ्या. पाय पुढे आणि मागे, मधे नुसतं अंग. म्हणून कमान करत टीचटीच चालतात. बोट लावलं की मागच्या पायांवर ताठ उभ्या राहतात, हुबेहूब काटकी. त्यांचे पतंग गिरणीच्या काजळीइतके काळे, पंख पसरून भिंतीला चिकटलेले. मी फार खूश आहे.

९ ऑगस्ट
समोरच्या कौसल्याबाई अळीला मापारीण म्हणतात. झाडाला कुणाला हात लावू देत नाहीत. गेल्या वर्षी जानेवारीत, संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चावर गोळीबार झाला तेव्हा, त्यांचा रघुवीर जखमी होऊन सावंतांच्या दाराशी आला. सावंतांनी आतून कडी घातली. पोरगा दार ठोठावत तिथेच गेला. रक्त जांभळीच्या मुळाशी मुरलं. बाईंनी हे तांदूळ निवडता निवडता सांगितलं.

१४ ऑगस्ट
दुपारी सावंत झोपले होते. एक अळी त्यांच्या टाचेपासून कपाळापर्यंत मोजत गेली. मी झटकायला हवी होती. नवल वाटून बघत राहिलो. उठल्यावर म्हणाले, पाय लाकडासारखे झालेत.

१६ ऑगस्ट
सकाळी दार उघडलं. जांभळीच्या खोडाला टाचा आवळून सावंत — अंग तिरपं, ताठ, हवेत. आधी फांदीच वाटली. डोळे तेवढे हलत होते. मी धावलो.
"हात लावू नका, मास्तर," कौसल्याबाई म्हणाल्या. "तुमचं यात काही नाही."
मी सावंतांना ओढलं. ते कमरेत मोडले. वाळकी काटकी मोडावी, तसा आवाज.

१७ ऑगस्ट
मी झाडावर रॉकेल ओतून काडी लावली. सगळं जळालं. अळ्या जळताना ताठ उभ्या होत्या.
बाई रडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "माझ्या पोराला परत मारलंत."

१९ ऑगस्ट
भिंत काळी. सगळे पतंग. चादरीत अळ्या — झटकतो, पुन्हा चढतात. घोट्यापासून गुडघा, गुडघ्यापासून —

२० ऑगस्ट
पाय उचलत नाहीत. हाका मारल्या. कौसल्याबाई आल्या, उशाशी बसल्या. मी माफी मागितली. अळी खाली पडली होती, ती त्यांनी उचलून माझ्या छातीवर ठेवली. म्हणाल्या, माप घेताना हलू नये.
गळ्यापर्यंत आली — हनुवटी — बाई वाकून बघताहेत — आता कपा