शंभर दिवस, एकही खाडा नाही

प्रिय लोकेश,

जयभीम. फोन केला की तू "ताई, क्लासमध्ये आहे" म्हणतोस आणि मी "काही नाही रे, सहजच" म्हणून ठेवून देते. म्हणून आज लिहायला बसले. अर्जुनीत थंडी पडलीय, तुझी भाची रंजिता रोज कॉलेजला जातेय. तुझे भाऊजी मात्र बरे नाहीत.

दोन वर्षांपूर्वी माझ्याच हट्टाने तू, हे हमाली करतात त्या राइस मिलमध्ये शिबिर घ्यायला आला होतास. फळ्यावर माणसाच्या गरजांच्या पायऱ्या काढल्यास. खाली भूक, मग सुरक्षितता, मग आपली माणसं, त्यावर मान. मालकाला ती वरची पायरी फार आवडली बघ. हमालांनी धूळ ओढणारा पंखा मागितला होता, मिळाली खुर्ची. शंभर दिवस एकही खाडा केला नाही, तर ऑफिसात मालकासमोर खुर्ची आणि कपबशीतून चहा. हसू नकोस. माझ्या सासऱ्यांनी त्याच मिलच्या दारात उभ्याने, ओंजळीने पाणी प्यायलेलं आहे. हे पहिल्यांदा त्या खुर्चीवर बसून आले, त्या दिवशी जेवले नाहीत, नुसते रडले. मीही रडले. तुझा किती अभिमान वाटला होता मला!

दिवाळीपासून खोकला आहे. गेल्या आठवड्यात रुमालावर रक्त दिसलं. गोंदियाच्या डॉक्टरांनी एक्स-रे पाहिला आणि याच आठवड्यात नागपूरला न्या म्हणाले. आज यांचा या खेपेचा त्र्याऐंशीवा दिवस आहे. म्हणतात, "काऊन घाबरून राहिली तू? सतराच दिवस तं रायले. मी नाई गेलो तं पोते कोन उचलन?" हात जोडले, भांडले, काल चप्पल लपवली तर अनवाणी गेले. खालची पायरी भरल्याशिवाय माणूस वर चढत नाही, असं तू शिकवलं होतंस ना? हे वरच जाऊन बसलेत आणि श्वास पुरेनासा झालाय. मी चिडून लिहीत नाही. खोटं कशाला बोलू, चिडूनच लिहितेय. चिडायलाही मला तुझ्याशिवाय कोण आहे?

परवा यांना न सांगता मालकाकडे गेले. उरलेल्या दिवसांची सूट द्या, यांची खुर्ची राखून ठेवा, असं विनवायचं ठरवलं होतं. पायाही पडले असते. त्यांनी मोबाइलवरून नजरसुद्धा काढली नाही. "ले जाओ बाई, आदमी बहुत हैं." दोन मिनिटांत सुट्टी मिळाली. मालकाचे हे शब्द ऐकले तर तुझे भाऊजी आजच नागपूरच्या गाडीत बसतील, मला पक्कं ठाऊक आहे. दोन दिवस झाले, ताट वाढताना रोज तोंड उघडते आणि भाजी हवी का एवढंच विचारते. माझ्याने नाही सांगवत रे. रविवारी ये. तूच सांग त्यांना, आणि सांगून झाल्यावर लगेच उठू नकोस.

तुझीच,
अल्काताई