महापौरांच्या सदऱ्याखाली

प्रिय फेरुह,

तान्हीचा फोटो मिळाला. नाक थेट आपल्या घराण्याचं, बिचारी! बायरामच्या सणाला तिला घेऊन येतोयस, असं तू बाबांना परस्पर कळवलंस, म्हणून घाईघाईने हे लिहितेय. इझमीरहून बसची तिकिटं काढली नसशील तर थांब जरा, आधी हे वाच.

आई दर वसंतात रेशीमकिड्यांची अंडी कापडात बांधून उबेला छातीशी ठेवायची, आठवतंय ना? तेवढे दिवस आपल्याला तिच्या कुशीत यायची बंदी, आणि तू रडून घर डोक्यावर घ्यायचास. ती गेली तेव्हाही पुरचुंडी तिच्या गळ्यात होती. मयताला न्हाऊ घालणाऱ्या बायकांनी ती काढून बाबांच्या हातात दिली, आणि बाबांनी ती सरळ आपल्या सदऱ्याखाली घातली. मला वाटलं, दुःख आहे, ओसरेल.

अंडी काही फुटली नाहीत. बाबांनी पुरचुंडीही काढली नाही. रेशमाचा एवढा मोठा व्यापारी, कोषांच्या लिलावात छप्पर उडेल असा ओरडणारा माणूस, एकदम हळू बोलायला लागला. किडे वाढत असताना घरात आवाज चढवायचा नाही हे आपण लहानपणापासून पाळलंय, पण इथे किडेच नव्हते रे! निवडणुकीला उभे राहिले तेव्हा भाषणंसुद्धा कुजबुजत केली. ऐकायला लोक पुढे सरकले, आणखी पुढे सरकले, आणि निवडून देऊन मोकळे झाले. "महापौरसाहेब कानात सांगतात हो, म्हणून खरं वाटतं," असं म्हणून वेहबी न्हावी गिऱ्हाइकांना हसवायचा. आता तोही कुजबुजतो.

कारण बाबांच्या हुकमाने आधी लग्नातले ढोल बंद झाले, मग गाड्यांचे भोंगे, मग फेरीवाल्यांच्या हाका. कुणी हूं की चूं केलं नाही. आणि सगळं शहर असं गप्प झाल्यावर आपल्या माडीवरचा आवाज ऐकू यायला लागला. पाला कुरतडल्याचा. मी वर जाऊन पाहिलं, तर किड्यांच्या मांडण्या रिकाम्या. बाबा संध्याकाळी तुतीचा पाला टाकतात, सकाळी नुसत्या काड्या उरतात. बाबांना विचारलं, तर म्हणाले, "हळू बोल मुआल्ला, तुझी आई जेवतेय."

हल्ली त्यांचा हात गारठलेला असतो. चहाचा पेला हातात धरला की चहाच निवतो. "माझी ऊब आता तिला पुरत नाही," म्हणतात. तान्हीची बातमी आली त्या दिवशी मात्र आई गेल्यापासून पहिल्यांदा हसले, आणि बसून एक इवलीशी रेशमी दोरी वळली. बाळाच्या गळ्याच्या मापाची.

म्हणून मोठी बहीण या नात्याने सांगते, येऊ नकोस. आज दुपारी बाबांचा डोळा लागला तेव्हा पुरचुंडी काढून मी माझ्या गळ्यात घातली. निदान तान्हीपर्यंत तरी ती जायला नको. आत काहीतरी हलतंय. मघापासून माझी भीती कुठल्या कुठे पळाली आहे, आणि तेच मला भयंकर वाटतंय. मी शुद्धीवर आहे तोवर हे पोस्टात टाकते. उद्यापरवा माझ्याच अक्षरात "बाळाला घेऊन ये" असं पत्र आलं, तरी येऊ नकोस.

तुझीच,
मुआल्ला