मला धरणात जमा धरलं त्याची गोष्ट

ती. राजाराममामांस,

कॅरीहून विवेकचा नमस्कार. खरं तर वाकून घालायला हवा, पण कंबर सध्या वाकत नाही. का, ते पुढे येईलच. तुमचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट पार पडल्याचं आईकडून कळलं. मामींचे गुडघे काय म्हणतात? इकडे अमेरिकेत आम्ही तिघंही ठीक आहोत. म्हणजे सोनल आणि आन्या ठीक आहेत.

आमच्या घरामागे एक ओढा आहे. उगम काही फार पवित्र नाही. सुपरमार्केटच्या पार्किंगखालच्या पाइपातून तो निघतो, टेनिस कोर्टाला वळसा घालतो, आमच्या सोसायटीच्या परसांमागून रमतगमत जातो आणि दलदलीतून शेवटी तलावाला मिळतो. इतकी वर्षं मी त्याला कापलेलं गवत ढकलून द्यायची जागा समजत होतो. या वसंतात त्यावर एका बीव्हरच्या जोडप्यानं धरण बांधलं. (बीव्हर म्हणजे चांगली खात्यापित्या घरची घूस समजा, शेपटी मात्र उलथन्यासारखी चपटी. दातांनी झाडं पाडतो.) काटक्या, चिखल आणि शेजारच्या मिसेस हॉलोवेंची बागेतली खुर्ची एवढ्या सामानात काम झालं. पाणी तुंबून आमच्या परसात शिरलं. मिसेस हॉलोवे सोसायटीच्या अध्यक्ष. त्यांनी ट्रॅपर बोलवायचं ठरवलं. हा माणूस बीव्हरला पकडून दुसरीकडे नेऊन सोडत नाही, मारतो. हे कळल्यापासून आन्या जेवणाच्या टेबलावर बसेना. मला म्हणाली, "डॅड, यू आर अ‍ॅन इंजिनिअर. फिक्स इट." मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, पाण्याशी माझा संबंध आंघोळीपुरता, हे सांगण्याची ती वेळ नव्हती.

मी व्हिडिओ पाहिले. उपाय सोपा निघाला: धरणातून एक पाइप घालायचा, जास्तीचं पाणी निघून जातं, धरणही राहतं आणि बीव्हरही. शनिवारी पाइप घातला, त्यासोबत फोटो काढून घेतला, तो फॅमिली ग्रुपवर तुम्ही पाहिलाच असेल. (मामींनी अंगठा दाखवला होता.) रविवारी सकाळी पाइपाच्या तोंडात काटक्या आणि चिखलाचं असं सुबक बूच बसलेलं की मी काठीनं ठोकूनही हललं नाही. पाणी वाहिल्याचा आवाज आला की बीव्हर ते भोक बुजवतो, हे पुढच्या व्हिडिओत होतं. तो मी पाहिलाच नव्हता. पाइपाचं तोंड लांब खोल पाण्यात, जाळीच्या पिंजऱ्यात ठेवायचं असतं.

म्हणून पिंजरा घेऊन पाण्यात उतरलो आणि मांड्यांपर्यंत चिखलात रुतलो. फोन घरात. मिसेस हॉलोवे कॉफी घेऊन घरामागच्या लाकडी डेकवर आल्या आणि म्हणाल्या, "विवेक, आर यू ओके?" मी सवयीनं म्हणालो, "फाइन, थँक यू." त्या आत गेल्या.

मग उभं राहण्याखेरीज काम नव्हतं. माणूस मुकाट उभा राहिला की त्याला कोणी माणसात धरत नाही. ओंडक्यावर कासवं येऊन बसली. एक निळसर बगळा माझ्यापासून हातभर अंतरावर मासे धरू लागला. वरून पार्किंगचं गढूळ पाणी येत होतं आणि धरणापलीकडे नितळ होऊन जात होतं. हे मी रोज खिडकीतून पाहू शकलो असतो. मग बीव्हरीण आली, तोंडात फांदी, मागे दोन पिल्लं. तिनं माझ्याकडे नीट पाहिलं, फांदी माझ्या मांडीला टेकवून ठेवली आणि वर चिखल थापला. मामा, ऑफिसात आजवर माझा एवढा ठोस उपयोग कोणी केला नव्हता. मी हललो नाही.

सोनल आली, तिनं आधी फोटो काढला, मग फायर ब्रिगेड बोलावली. त्यांनी फळ्या टाकून, दोर लावून मला उपटलं. बूट आणि ट्रॅक पँट तिकडेच राहिली. कंबरेचं हे असं झालं.

सोसायटीच्या मीटिंगला तसाच वाकडा गेलो. पिल्लं आहेत, बगळा आहे, पाणी गाळलं जातंय, पाइप नीट बसवला तर परसं कोरडी राहतील, हे सगळं सांगितलं. मिसेस हॉलोवेंनी मी नेलेला आराखडा उलटसुलट करून पाहिला. मग म्हणाल्या, कोणी जाणकारानं तुमचा आराखडा बरोबर आहे असं सांगितलं तर ट्रॅपरला थांबवते. आन्या परत आमच्यासोबत जेवू लागली आहे.

मामींना नमस्कार. कळावे.

तुमचा भाचा,
विवेक

ता. क. : तो जाणकार म्हणून मी तुमचं नाव दिलंय. माझे मामा निवृत्तीपर्यंत पाटबंधारे खात्यात होते, एवढंच म्हणालो. हिशेब शाखेत होते का, हे कोणी विचारलं नाही. आराखडा विद्यापीठाच्या पत्रकातून उचललाय, तो बरोबरच आहे. तुम्ही फक्त हो म्हणायचं. रविवारी सकाळी व्हिडिओ कॉल आहे. बनियनवर बसू नका.

ता. क. २ : अवघड प्रश्न आला तर, ऑडिटवाले आले की करायचात तसा चष्मा काढून सावकाश पुसा. आणि मिसेस हॉलोवे तुम्हाला 'चीफ' म्हणतील. कोणाला म्हणतात ते बघायला मागे वळू नका.